उचलीवरचा विकास

गळीत हंगाम सुरू झाला की मराठी वर्तमानपत्रांत एक ठरावीक छायाचित्र येते. कारखान्याचे अध्यक्ष, संचालक, एखादे मंत्री किंवा महाराज गव्हाणीत उसाची मोळी टाकत असतात. मागे फुलांची आरास, बाजूला पूजेचे ताट. खालच्या बातमीत यंदाच्या गाळपाचे उद्दिष्ट, गेल्या हंगामाचा उतारा आणि सभासदांना दिलेल्या हप्त्याची आठवण. मोळी कोणी तोडली, कोणी बांधली, हे त्या बातमीत येत नाही. यायचे कारणही नाही, कारण मोळी बांधणारा माणूस कारखान्याचा सभासद नाही आणि कामगारही नाही. हे पुस्तक त्याच्याविषयी आणि फडात त्याच्या बरोबरीने राबणाऱ्या त्याच्या बायकोविषयी आहे.

विकासाची चर्चा निघाली की आपल्याकडे एक सोयीची मांडणी ऐकू येते. पश्चिम महाराष्ट्रात विकास झाला, मराठवाड्यात तो पोचायचा राहिला; कालवे, कारखाने, रस्ते तिकडेही गेले की प्रश्न सुटेल. या मांडणीत समृद्धी आणि वंचना शेजारीशेजारी राहतात, पण एकमेकींना ओळखत नाहीत. पुढच्या प्रकरणांचे म्हणणे असे की, त्या दोघींचा हिशेब एकाच वहीत लिहिलेला आहे. बीड, पाथर्डी, आष्टी, पाटोदा, शिरूर कासार, केज, धारूर या टापूत विकास केव्हाच पोचला. टोळी जमवणाऱ्या मुकादमाच्या हातून, उचलीच्या म्हणजे आगाऊ दिलेल्या मजुरीच्या रूपाने पोचला. सहकारी साखर कारखानदारी ज्या पायावर उभी राहिली, त्यात बालाघाटच्या डोंगरातले कोरडवाहू दारिद्र्यही एक चिरा आहे.

हा इतिहास समजून घ्यायचा तर दख्खनच्या कालव्यांपासून सुरुवात करावी लागते. १८७६-७८च्या भीषण दुष्काळानंतर इंग्रज सरकारने नीरा, प्रवरा या नद्यांवर कामे काढली, त्यामागे दुष्काळी पट्ट्यातल्या ज्वारी-बाजरीला आधाराचे पाणी मिळावे असा उद्देश होता. नीरा डावा कालवा १८८५ साली सुरू झाला. पण बऱ्या पावसाच्या वर्षी ज्वारीच्या शेतकऱ्याला कालव्याचे पाणी विकत घेण्याचे कारण नव्हते आणि सरकारला तर दरवर्षी पाणीपट्टी भरणारे गिऱ्हाईक हवे होते. ते उसात मिळाले. दुष्काळनिवारणासाठी काढलेले पाणी अशा रीतीने बारमाही नगदी पिकाकडे वळले. १९२६ साली भंडारदऱ्याचे धरण पूर्ण झाले, नगर जिल्ह्यात खाजगी साखर कारखाने आले आणि ऊस उत्पादक त्यांच्या भावावर जगू लागला.

सहकाराने केलेला बदल या पार्श्वभूमीवर पाहिला पाहिजे. लोणीचे विठ्ठलराव विखे पाटील आणि अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने प्रवरानगरचा कारखाना उभा राहिला आणि १९५०च्या अखेरीस त्याचे पहिले गाळप झाले. खाजगी कारखानदारासमोर हात जोडणारा शेतकरी कारखान्याचा मालक झाला. भाव त्याच्या हाती आला. पाठोपाठ शाळा, दवाखाने, दूधसंघ, अभियांत्रिकी महाविद्यालये आली. ही क्रांती खरी होती आणि तिला हिणवण्याचा या पुस्तकाचा हेतू नाही. प्रश्न एवढाच आहे की, मालकीची ही रेघ कुठे ओढली गेली. ऊस पिकवणारा रेघेच्या आत आला. बॉयलरवरचा, पॅनवरचा, कार्यालयातला माणूस कामगार म्हणून आत आला. त्याला वेतनश्रेणी, भविष्य निर्वाह निधी, युनियन मिळाली. ऊस तोडणारा मात्र बाहेर राहिला. गव्हाणीच्या अलीकडे आणि पलीकडे असे दोन देश तयार झाले.

बाहेरच्या देशाची रचना वेगळी होती. मराठवाडा १९४८पर्यंत निजामाच्या राज्यात, सिंचनाच्या बाबतीत उपेक्षित. बालाघाटच्या माथ्यावरची जमीन हलकी, मुरमाड, पाऊस बेभरवशाचा. खरिपाची बाजरी-तूर काढली की दिवाळीनंतर हाताला काम नाही. १९७२च्या दुष्काळाने ही कोंडी पुरती उघडी केली. त्या दुष्काळातून वि. स. पागे यांच्या कल्पनेची रोजगार हमी योजना राज्यभर पसरली आणि १९७७ साली तिचा कायदा झाला. मग प्रश्न पडतो की, गावालगत काम मागण्याचा हक्क असतानाही माणसे शेकडो कोसांवर ऊस तोडायला का जातात? एक उत्तर साधे आहे. रोजगार हमी केलेल्या कामाचे पैसे देते, तेही मोजमाप झाल्यावर. मुकादम न केलेल्या कामाचे पैसे आधी देतो, एकरकमी आणि नेमके पोळा-दिवाळीच्या तोंडावर, जेव्हा घरात आजारपण असते, मुलीचे लग्न असते, खतबियाण्यांची उधारी थकलेली असते. बँक ज्याला दारात उभे करत नाही, त्याला मुकादम घरी येऊन लाखभर रुपये मोजून देतो. उचलीची ताकद मुकादमाच्या दांडगाईपेक्षा बँकेच्या या बंद दारात जास्त आहे.

वंजारी, बंजारा, धनगर, मातंग, बौद्ध, पारधी आणि आता अल्पभूधारक मराठा कुटुंबेही या वाटेने जातात. दरसाल किती जण जातात याचे अंदाज आठ-दहा लाखांच्या घरातले आहेत. उसाचे टिपरू न् टिपरू काट्यावर मोजणाऱ्या या व्यवसायाला ते तोडणारी माणसे मोजण्याची निकड दशकानुदशके वाटली नाही, ही बाब वाचकाने सुरुवातीलाच लक्षात ठेवावी.

फडाची भाषा नव्या वाचकाला थोडी सांगायला हवी. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. एकटा माणूस अर्धा कोयता. दहा-वीस कोयत्यांची टोळी, टोळीवर मुकादम. बैलांची टायरगाडी घेऊन जाणारे ते गाडी सेंटर. डोक्यावर मोळ्या वाहून ट्रक-ट्रॅक्टर भरणारे ते डोकी सेंटर. मुक्कामाला पाचटाच्या किंवा चटईच्या कोप्या. कारखान्याचा शेतकी विभाग तोडीचा कार्यक्रम लावतो, चिटबॉय चिठ्ठी आणतो आणि टोळी त्या फडात शिरते.

आता एका कोयत्याचा दिवस जवळून पाहू. ऊस जमिनीलगत तोडावा लागतो, कारण साखर बुडख्याकडे जास्त. चार बोटे वर घाव बसला तर शेतकरीही ओरडतो आणि कारखानाही. म्हणून सगळे काम कमरेतून वाकून. एक घाव बुडाला, मग पाचट सोलायचे, शेंड्याकडचे वाढे छाटायचे, ऊस मागे टाकायचा. बहुधा नवरा तोडतो, बायको मागून गोळा करून वाढ्याच्याच बंदाने मोळी बांधते. तीस-चाळीस किलोची मोळी डोक्यावर घेऊन, ट्रकला लावलेल्या अरुंद फळीवरून चढून ती आत रचायची. तोडलेल्या उसातली साखर तासागणिक उतरते, म्हणून वाहन रात्री दोनला आले तर रात्री दोनला भरायचे. कोपीत निजलेले मूल एखाद्या म्हातारीच्या नाहीतर आठ-नऊ वर्षांच्या थोरल्या बहिणीच्या ताब्यात. वाढे विकून मिळणारे चार पैसे आठवड्याच्या बाजाराला. मजुरी हातात येत नाही, ती उचलीत वळती होते.

हिशेब करून पाहू. जानेवारी २०२४मध्ये साखर संघ आणि ऊसतोड कामगारांच्या संघटनांमध्ये ३४ टक्के वाढीचा करार झाला आणि डोकी सेंटरचा तोडणी दर टनाला ३६६ रुपयांवर गेला. जोडप्याने दिवसाला दोन टन ऊस तोडला तर ७३२ रुपये. म्हणजे बारा-चौदा तासांच्या राबणुकीचे माणशी ३६६. एक लाखाची उचल असेल तर ती फिटायला १३७ दिवस लागतात आणि त्यात एकही दिवस ताप, पाळी, बाळंतपण, पाऊस किंवा वाहनाचा खोळंबा धरलेला नाही. खाडा पडला तर मजुरी जातेच, वर मुकादमाचा दंड बसतो. २०२४-२५सारखा हंगाम लवकर आटोपला तर उचल फिटत नाही, बाकी पुढच्या सालावर चढते आणि पुढच्या सालची टोळी आपोआप ठरून जाते. उलट २०२१-२२ साली उसाचे पीक इतके झाले की जून उजाडला तरी धुराडी पेटलेली होती. पेरणीसाठी गावी निघायच्या दिवसांत माणसे फडातच होती. त्या हंगामात महाराष्ट्राने सुमारे १३७ लाख टन साखर काढून देशात पहिला क्रमांक मिळवला. त्यासाठी तेरा कोटी टनांच्या आसपास ऊस गाळला गेला आणि त्यातला बहुतेक कोयत्याने तोडलेला होता.

मुकादमाला खलनायक ठरवून मोकळे होण्याचा मोह इथे होतो. या पुस्तकातले मुकादमावरचे प्रकरण तो मोह आवरायला लावते. मुकादम बहुधा त्याच गावचा, त्याच जातीचा, काल स्वतः कोयता हातात धरलेला. कारखाना किंवा वाहतूकदार त्याला पैसे देतो, ते तो पुढे वाटतो. उचल घेऊन एखादा कोयता दुसऱ्याच कारखान्यावर गेला तर बुडीत खाते मुकादमाचे; मग तो जमीन विकतो, किंवा वसुलीसाठी माणसे डांबून ठेवतो. जोखीम वरून खाली घरंगळत येते आणि सगळ्यात खालच्या पायरीवर ती देहाने चुकवली जाते.

याची सर्वांत कठोर नोंद बाईच्या शरीरावर आहे. २०१९ साली बीडमधल्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांची बातमी गाजली, विधिमंडळात प्रश्न आला, नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. जिल्ह्यातल्या ८२ हजारांवर ऊसतोड महिलांच्या पाहणीत १३ हजारांहून अधिक जणींचे गर्भाशय काढलेले आढळले. त्यानंतर बीडमध्ये अशा शस्त्रक्रियेसाठी जिल्हा शल्यचिकित्सकांची परवानगी सक्तीची झाली. पण शस्त्रक्रियेपर्यंत बाई का पोचते, हे परवानगीच्या कागदावर येत नाही. फडात आडोसा नाही, पाणी नाही, पाळीत सुटी नाही. अंगावरून जाणे, पोटदुखी वर्षानुवर्षे अंगावर काढलेली. गावी परतल्यावर खाजगी दवाखान्यात सांगतात की पिशवी काढून टाका, पुढे कर्करोग होईल. खाड्याचा दंड आणि ही भीती एकत्र आली की तिशीतली बाई होकार देते आणि त्या शस्त्रक्रियेसाठी पुन्हा उचल घेते. मुलींच्या लग्नाचेही तसेच. जोडप्याला पूर्ण उचल आणि एकट्याला अर्धी, अशी व्यवस्था असेल आणि वयात आलेली मुलगी सहा महिने कोणाच्या भरवशावर गावी ठेवायची हा प्रश्न असेल, तर अठरा वर्षांची वाट कोण पाहील? राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत बीडमध्ये वीस ते चोवीस वयाच्या बायकांपैकी चाळीस टक्क्यांहून अधिक जणींचे लग्न अठराच्या आत झाले होते. याला केवळ अज्ञान म्हणणे म्हणजे हिशेब न पाहता निकाल देणे होय.

मुलांविषयी थोडक्यात. कारखान्यांच्या तळावर साखरशाळा निघाल्या, नंतर गावातच मुले राहावीत म्हणून हंगामी वसतिगृहे आली. २०२१मध्ये संत भगवानबाबांच्या नावाने ४१ तालुक्यांत ८२ वसतिगृहांची योजना मंजूर झाली. दिवाळीनंतर रिकामी होणारी पटावरची नावे आणि वसतिगृहांच्या खाटांची संख्या यांत अजून बरेच अंतर आहे.

कायद्याचे प्रकरण मला या पुस्तकाचा कणा वाटते. ऊसतोडीचा मालक कोण? शेतकरी म्हणतो, तोडणी-वाहतुकीचे पैसे माझ्या बिलातून कापले जातात, पण टोळी माझी नव्हे. उलट फडात कोयता लावायला मलाच वर खुशाली द्यावी लागते. कारखाना म्हणतो, आमचा करार वाहतूकदाराशी. वाहतूकदार म्हणतो, मी मुकादमाला ओळखतो. मुकादम म्हणतो, ही माझी गावची माणसे. आणि तरी कोणत्या दिवशी, कोणत्या फडात, कोणत्या जातीचा ऊस तुटायचा हे ठरवतो कारखानाच. हुकूम एकाचा, जबाबदारी कोणाचीच नाही. कारखाने अधिनियमातला कामगार गेटाच्या आतला होता. आंतरराज्य स्थलांतरितांसाठीचा १९७९चा कायदा राज्याची हद्द ओलांडणाऱ्यांपुरता होता; बीडहून कोल्हापूरला जाणाऱ्याला तो लागत नव्हता आणि बेळगावला जाणाऱ्याला कागदावर लागत होता. वेठबिगारीविरुद्धचा १९७६चा कायदा उचलीच्या जवळ येतो, पण तो लावायचा तर आधी वेठबिगार आहेत हे मान्य करावे लागते, आणि हे मान्य करायला कोणतेच प्रशासन राजी नसते.

यावर उपाय काढणे महाराष्ट्राच्या आवाक्याबाहेर होते असे मात्र म्हणता येत नाही. मुंबईच्या बंदरात आणि बाजारात ओझी वाहणाऱ्या माणसालाही एक ठरलेला मालक नव्हता. आज या पेढीचे पोते, उद्या त्या गोदामाचे. अण्णासाहेब पाटलांच्या नेतृत्वाखालच्या लढ्यातून १९६९ साली माथाडी कायदा झाला. कामगाराची आणि मालकाची दोघांचीही मंडळाकडे नोंद, मजुरीवर लेव्ही, त्यातून भविष्य निर्वाह निधी, दवाखाना, रजा. मालक बदलत राहिले तरी हक्क कामगाराबरोबर चालत राहिला. डोक्यावर पोते वाहणाऱ्याला याच राज्याने जे दिले, ते डोक्यावर मोळी वाहणाऱ्याला का दिले नाही, याचे उत्तर कायद्याच्या पुस्तकात सापडणार नाही. कारखान्यांचे संचालक आणि विधिमंडळाचे सदस्य ही पुष्कळदा एकच घरे होती, तिथे ते शोधावे लागते.

बबनराव ढाकणे, गोपीनाथ मुंडे या नेत्यांनी तोडणीच्या दराचा प्रश्न लावून धरला, संप झाले, हंगामाच्या तोंडावर कोयता बंद ठेवण्याची ताकद कामगारांना कळली, आणि दर वाढत गेले. ही मिळकत थोडी नव्हे. परंतु करार दराचा झाला, नोकरीचा कधीच झाला नाही. गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने कल्याणकारी महामंडळ स्थापन झाले. टनामागे दहा रुपये कारखान्याने आणि तितकेच सरकारने द्यायचे ठरले. हे पाऊल योग्य दिशेचे आहे, पण कल्याण ही देणाऱ्याच्या मर्जीची गोष्ट असते.

हा प्रकार केवळ बीडचा किंवा केवळ एका पक्षाच्या राजवटीचा नाही, हे दाखवण्यासाठी एक प्रकरण गुजरातवर आहे. दक्षिण गुजरातचे सहकारी कारखाने खान्देशातले भिल्ल-कोकणा आदिवासी तोडणीला नेत आले आहेत. बारडोलीच्या परिसरात १९७०च्या दशकात अभ्यास करणारे डच समाजशास्त्रज्ञ यान ब्रेमन यांनी एक गोष्ट नोंदवली: स्थानिक हळपती मजूर दारात रिकामे असताना कारखाने दूरची माणसे आणतात. दूरचा माणूस घर, जात, बाजार, ओळखपाळख मागे सोडून आलेला असतो. हंगाम संपेपर्यंत तो रात्री दोनलाही हजर असतो आणि भांडण झाले तर जायला जागा नसते. स्थलांतर हे कामाच्या टंचाईचे फळ आहे हे खरे. पण ते मजूर ताब्यात ठेवण्याचे साधनही आहे.

आता फडात यंत्रे येत आहेत. हार्वेस्टरला सरकारी अनुदान आहे, कोयते मिळत नाहीत अशी कारखान्यांची तक्रार आहे. तोडणीचे काम माणसाने करू नये इतके ते जाचक आहे, यात शंका नाही. पण यंत्र घेणाऱ्याला अनुदान देताना ज्याचे काम गेले त्याच्यासाठी काय, हा प्रश्न अनुदानाच्या याद्यांमध्ये दिसत नाही. पाण्याचे गणितही या स्थलांतराशीच बांधलेले आहे. लागवडीच्या थोड्याशा टक्क्यांत असलेला ऊस सिंचनाच्या पाण्याचा निम्म्याहून मोठा वाटा घेतो. बालाघाटच्या शिवारात रब्बीला दोन पाण्यांची सोय झाली असती तर मुकादमाला मागणी किती उरली असती, हे ज्याने त्याने ताडून पाहावे.

पुस्तक वाचताना दयेचा चष्मा बाजूला ठेवावा, एवढी विनंती. ऊसतोड कामगार हा मदतीची वाट पाहणारा लाभार्थी नाही; राज्यातल्या सर्वांत यशस्वी म्हणवल्या गेलेल्या उद्योगाचा तो सत्तर वर्षांचा पतपुरवठादार आहे. त्याने आपली मजुरी, तिने आपले शरीर, मुलांनी आपली शाळा या उद्योगात गुंतवली. भागधारकांच्या यादीत मात्र त्यांचे नाव नाही. त्यामुळे मागणीही साधी असायला हवी. कारखान्याच्या हजेरीपटावर नाव, नवरा-बायकोचे वेगवेगळे. मजुरी बँक खात्यात, तीही दोन. उचलीची नोंद सरकारी दप्तरी आणि तिच्यावर व्याज-दंडाची मर्यादा. माथाडीच्या धर्तीवर मंडळ. यातली एकही गोष्ट नवी शोधायची नाही. प्रत्येक गोष्ट याच राज्यात कुठे ना कुठे, कोणासाठी तरी अमलात आहे. ती ऊसतोडीला लागू केली तर साखर किलोमागे किती महाग होईल, याचा आकडा कारखान्यांनी एकदा जाहीरपणे मांडावा. तेवढी जादा किंमत देण्याइतके आपण सगळे, चहात साखर घालणारे, नक्कीच सधन झालो आहोत.